बंड्याची फिट आणि आमचा कांदा

पहिल्यांदा झालं ते रात्री अडीचच्या सुमाराला. हॉलमधून खडखड ऐकू आली. दिवा लावला तर आमचा बंड्या, तीन वर्षांचा लॅब्राडोर, कुशीवर पडलेला. आधी चारही पाय ताठ, मग पाण्यात पोहल्यासारखे हलायला लागले. तोंडाला फेस, खाली लघवीचं थारोळं. डोळे सताड उघडे, पण ओळख शून्य.

मग आम्ही तिघांनी मिळून जमेल तेवढं चुकीचं केलं. नवऱ्याने त्याचे पाय दाबून धरले. सासूबाई कांदा फोडून घेऊन आल्या आणि नाकाशी धरला. मी जीभ घशात जाईल म्हणून चमचा घालायला गेले. त्या स्टीलच्या चमच्यावर अजून दातांचे दोन खळगे आहेत. तिसरा दात माझ्या तर्जनीत गेला. धनुर्वात, रेबीज, सगळी इंजेक्शनं घ्यावी लागली.

सकाळी डॉक्टर म्हणाले, "कुत्र्याची जीभ घशात जात नाही हो. तोंडाजवळ हात नेलात तर तो चावणारच, आणि त्याला ते कळणारही नाही." घरात उंदराचं औषध ठेवलंय का, बिनसाखरेचं च्युइंगगम खाल्लं का, डिस्टेंपर या कुत्र्यांच्या आजाराची लस झालीय का, असं बरंच विचारलं, कारण अशा विषाने किंवा आजारानेही फिट येऊ शकते. रक्तातली साखर, कॅल्शियम, लिव्हर, सगळं ठीक निघालं. सहा महिने ते सहा वर्षं या वयात पहिली फिट आली आणि कारण सापडलं नाही, तर बहुतेक वेळा तो जन्मजात कल असलेला अपस्मार, म्हणजे वारंवार फिट येण्याचा आजारच असतो म्हणे. एका फिटवर लगेच औषध नको, पुढची आली तर वेळ मोजा आणि व्हिडिओ काढा, एवढं सांगून पाठवलं.

पुढची आली एकोणीस दिवसांनी, रविवारी भर दुपारी. टीपॉय सरकवला, टीव्ही बंद, पडदे ओढले, डोक्याखाली हलकेच गोधडी सारली. मोबाईल स्टुलाला टेकवून व्हिडिओ सुरू केला आणि पाठीच्या बाजूला, तोंडापासून लांब बसले.
"अगं, कर ना काहीतरी!" नवरा.
"करतेय. घड्याळ बघतेय."
एक मिनिट पन्नास सेकंद. पहिल्या वेळी आम्ही सगळ्यांना शपथेवर दहा मिनिटं सांगत होतो! पाच मिनिटांपुढे गेली किंवा चोवीस तासांत दुसरी आली, तर थेट दवाखाना गाठायचा, म्हणून गाडीची किल्ली मांडीवरच होती. झटक्यांनी अंग तापतं, तेव्हा पंखा लावला आणि पंजांना ओलं फडकं. बर्फ नाही.

नंतरचा पाऊण तास मात्र जास्त अवघड गेला. उठला, भिंतींना धडकत फिरला, सासूबाईंवर गुरगुरला. त्या रडायलाच लागल्या. बाल्कनीचं दार लावून घेतलं, दिवे मंद ठेवले, नीट चालायला लागेपर्यंत पाणीसुद्धा दिलं नाही. मग पठ्ठ्याने दोन वाट्या दहीभात संपवला.

डॉक्टरांनी व्हिडिओ दोनदा पाहिला. हृदयामुळे कुत्रा कोसळला तर बहुधा लुळा पडतो आणि चटकन उठतो. हे तसं नव्हतं. फेनोबार्बिटोन हे फिट रोखणारं औषध सुरू झालं, दर बारा तासांनी. औषधाच्या दुकानदाराने "कुत्र्याच्या चिठ्ठीवर नाही देत" म्हणून परत पाठवलं. तिसऱ्या दुकानात मिळालं. तेव्हापासून पंधरा दिवसांची पट्टी शिल्लक असतानाच पुढची आणते, कारण हे औषध एकदम थांबलं तरी फिट येऊ शकते. पहिले दोन आठवडे मागचे पाय डुलत होते. तहान, भूक, लघवी वाढली ती वाढलीच. लिव्हरसाठी आणि औषधाची पातळी बघायला अधूनमधून रक्त काढावं लागतं.

वर्षभरात दोनच फिट आल्या. सकाळ-संध्याकाळ आठचा अलार्म असतो. सासूबाई तूप लावलेल्या पोळीच्या तुकड्यात गोळी लपवतात. परवा त्यांच्या मालिकेत कुणाचा तरी फोन त्या अलार्मसारखाच वाजला, तर बंड्या दुपारी तीनला येऊन ओट्यासमोर बसला.