ओळखदाराचा जामीन

बनावट दस्ताच्या केसमध्ये जामीन मागायला उभं राहिलं की सरकारी वकील आधी भारतीय दंड संहितेचं कलम ४६७ पुढे करतात. शिक्षा जन्मठेपेपर्यंत, त्यामुळे आरोपीच्या घरच्यांचं तर अवसानच गळतं. जळगावच्या सत्र न्यायालयात त्या दिवशीही सुरुवात तिथूनच झाली.

आरोपी होते आप्पा. गिरणाकाठच्या एका गावचे, पन्नाशी ओलांडलेले, तालुक्याच्या नोंदणी कार्यालयाच्या आवारात चहा पोचवणारे. दस्त नोंदवताना लिहून देणाऱ्याला ओळखणारी माणसं, म्हणजे ओळखदार, लागतात. ती ऐनवेळी नसली की एजंट आवारातल्याच कुणाला तरी उभं करतो. आप्पा दोनशे रुपयांसाठी अशा सह्या करायचे. हे वाईटच आहे, आणि त्यांचा वकील म्हणून कोर्टापुढे मी त्याचं समर्थन केलं नाही.

जमीन अडीच एकर. मूळ मालक मुलाकडे सुरतेला गेला आणि तिथेच वारला. खानदेशातल्या कितीतरी घरांचा एक पाय सुरतेत असतो. मृत्यूची नोंद तिकडे झाली, इकडे वारसनोंद कुणी केली नाही, आणि सातबाऱ्यावर मेलेला माणूस मालक म्हणून तसाच राहिला. कुणीतरी हे हेरलं. २०२३ मध्ये बनावट आधारकार्ड घेऊन एक तोतया उभा राहिला आणि खरेदीखत झालं. फेरफाराची नोटीस भावकीतल्या एकाच्या हाती पडली तेव्हा बिंग फुटलं. तोपर्यंत तोतया पसार, एजंटाचा फोन बंद. खरेदीदाराने अटकपूर्व जामीन मिळवला. पोलिसांच्या हाती लागले ते आप्पा, कारण त्या दस्तावर त्यांचं नाव, अंगठा आणि पत्ता तेवढा खरा होता.

कारागृहात भेटलो तेव्हा ते एवढंच म्हणाले, "मन्ही सही शे साहेब, नाही कसं म्हनू? पन त्या मानूसले मी कधी देखेल नव्हतं."

गुन्हा जुना म्हणून कलमं भारतीय दंड संहितेची, आणि अर्ज १ जुलै २०२४ नंतरचा म्हणून तो नव्या फौजदारी प्रक्रिया कायद्याच्या, म्हणजे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या, कलम ४८३ खाली. सरकारी वकिलांनी 'से', म्हणजे सरकार पक्षाचं लेखी म्हणणं, वाचलं: गुन्हा गंभीर, मुख्य आरोपी फरार, हा सुटला तर पुरावा नष्ट करील. मी विचारलं, कुठला पुरावा? मूळ दस्ताची नोंद सरकारदरबारी आहे. सह्यांचे आणि हस्ताक्षराचे नमुने पोलीस कोठडीत असतानाच घेतलेत. आप्पांकडून जप्त करायचं काहीच उरलं नाही. शीला सेबॅस्टियन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये स्पष्ट केलंय की बनावटीकरणाचा दोष दस्त बनवणाऱ्यावर येतो. आप्पांनी दस्त बनवला, असं पोलिसांचंही म्हणणं नव्हतं.

न्यायाधीश साहेबांनी मला मध्येच थांबवलं. "वकीलसाहेब, ओळखदार नसता तर हा दस्त झाला असता का?"

प्रश्न रास्त होता. मी म्हणालो, नसता झाला. म्हणूनच कटाचा आरोप आहे, तो खटल्यात तपासला जाईल. पण कट म्हटला की माहिती हवी, वाटा हवा. जमिनीच्या पैशातला एक रुपया या माणसाकडे गेल्याचं कागदावर नाही.

साहेब दस्ताची पानं उलटत होते. फोटोंच्या पानावर थांबले. तोतयाने गळ्यातला रुमाल पार हनुवटीच्या वर ओढलेला, नजर खाली. त्याखाली आप्पा: टोपी काढलेली, केस पाण्याने चापलेले, थेट कॅमेऱ्यात बघणारे. ज्याला लपायचंय तो असा बसत नाही, असं माझ्या तोंडावर आलं होतं, पण ते पान साहेब स्वतः बघत होते, म्हणून गप्प राहिलो. त्यांनी मागे उभ्या असलेल्या तपासी अंमलदारांना विचारलं, "ह्या तोतयाचा तपास कुठवर आलाय?"

"शोध चालू आहे, साहेब."

चारच्या सुमारास आदेश झाला. पंचवीस हजारांचा जातमुचलका, तेवढ्याच रकमेचा एक सक्षम जामीनदार, दर सोमवारी पोलीस ठाण्यात हजेरी, आणि नोंदणी कार्यालयाच्या आवारात जायचं नाही.

खरी परवड पुढे सुरू झाली. जामीनदार म्हणजे सातबारा. गावात ज्याच्याकडे जावं त्याच्या उताऱ्यावर सोसायटीच्या कर्जाचा बोजा. ज्यांचा उतारा कोरा होता, ते कागद हाती द्यायलाच तयार होईनात. कागदाच्याच भानगडीत सापडलेल्या माणसासाठी आपला उतारा कोर्टात कोण ठेवणार? आप्पांच्या पत्नी, काकू, कापूस वेचणीची मजुरी बुडवून रोज एकेका दाराशी जात होत्या आणि संध्याकाळी मला फोन करून विचारायच्या, "दादा, जामीन झाला ना? मग सोडत का नाहीत?" जामिनाचा आदेश झालेला माणूस केवळ गरीब आहे म्हणून आत राहतो, हे मला आजही सहन होत नाही.

सर्वोच्च न्यायालयाचे ३१ जानेवारी २०२३ चे निर्देश आहेत. आदेश होऊनही कैदी सात दिवसांत सुटला नाही, तर कारागृहाच्या अधीक्षकांनी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या सचिवांना कळवायचं असतं. महिनाभरात जामीनदार मिळाला नाही, तर कोर्ट अटी शिथिल करण्याचा विचार करू शकतं. मी महिनाभर थांबलो नाही. ह्याच निर्देशांचा आधार घेऊन जामीनदार मिळेपर्यंत रोख रक्कम भरू द्या, असा अर्ज दिला. पंधरा हजारांवर मंजूर झाला. काकूंनी दोन शेळ्या विकल्या, बाकीचे मेहुण्याने शिरपूरहून आणले. कोर्टात पैसे भरून घेणाऱ्या नाझरकडे रक्कम भरून पावती घेतली आणि सुटकेचा आदेश कारागृहाच्या बंदीच्या वेळेआधी पोचावा म्हणून मी स्वतः मोटारसायकलवर नेला.

आता आप्पांना चहाची ती जागा बंद आहे. ते कापसाच्या जिनिंगवर हमालीला जातात आणि दर सोमवारी हजेरीपायी त्या दिवसाची मजुरी बुडते. हजेरी महिन्यातून एकदा करावी, असा अर्ज मी दिलाय. त्यावर सरकारी वकिलांचा 'से' यायचा आहे.