बीचले पानी किती टाकाव?

बीचच्या झाडाला पाणी किती घालायचं, हे तुम्ही विचारलंत म्हणून सांगतो. वर्धा जिल्ह्यात रस्त्याला लागून माझी लहानशी रोपवाटिका आहे. एप्रिल लागला की कुणी ना कुणी गाडी उभी करून विचारतंच, "काकाजी, बीचले पानी किती टाकाव लागन?" मी उलट विचारतो, कोणतं बीच? प्लॉट पाडून विकणाऱ्या लेआउटवाल्याच्या झाडांच्या यादीत 'इंडियन बीच' लिहिलेलं असतं ते म्हणजे आपलं करंज, नाल्याकाठी आणि शेताच्या धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, उभं असतं ते. खरं बीच युरोपातलं. त्याचा फोटो विचारणाऱ्याच्या जर्मनीतल्या पोरानं पाठवलेला असतो. करंज तूर-हरभऱ्याच्या कुळातलं, बीच ओकच्या. इंग्रजी नाव सोडलं तर दोघांत काही नातं नाही.

खऱ्या बीचचा नाद मीही केलाय. भाच्यानं एका दिवाळीत मूठभर बिया आणल्या, तिकोनी, तपकिरी. (असं बी परवान्याशिवाय बॅगेतून आणणं नियमात बसत नाही, हे मला नंतर कळलं. तुम्ही आणू नका.) हे बी थंडी खाल्ल्याशिवाय उगवत नाही, म्हणून ओल्या रेतीत घालून तीन महिने फ्रिजमध्ये ठेवलं. दह्याच्या भांड्याशेजारी रेतीचा डबा बघून बायको काय बोलली ते इथे लिहीत नाही. जानेवारीच्या शेवटी सहा रोपं वर आली, पंख्यासारखी दोन-दोन जाड दलं घेऊन. काय कौतुक केलं मी त्यांचं! हिरव्या जाळीखाली ठेवली, सकाळ-संध्याकाळ पाणी दिलं. मार्च सरता सरता पानांच्या कडा तांबूस झाल्या, एप्रिलमध्ये पापडासारख्या वाळल्या. नवतपा, म्हणजे मेअखेरचे सगळ्यात तापणारे नऊ दिवस, काही त्यांनी पाहिला नाही.

कुंडीत ओल होती, तरी मेली. कारण मुळं पाणी वर चढवतात त्याहून जास्त पाणी आपली कोरडी हवा पानातून ओढून घेते. झाड मग पानांची छिद्रं मिटून बसतं आणि आतून तापत जातं. बीच वीस-बावीस अंशांच्या उन्हाळ्यातलं, आपल्याकडे पारा पंचेचाळीसला टेकतो. त्याची मुळंही वरवरची. २०१८ पासून लागोपाठ कोरडे उन्हाळे आले तेव्हा खुद्द जर्मनीत मोठमोठ्या बीचचे शेंडे वाळले. साल इतकी पातळ की शेजारचं झाड तुटून एकदम ऊन लागलं तर खोड भाजतं. आणि एखादं जगलंच, तरी त्याचे पालवीचे डोळे नीट फुटायला लांब, कडक हिवाळा लागतो. तो नागपुरातूनही मिळायचा नाही. म्हणून पाणी किती, या प्रश्नाला इथे उत्तरच नाही.

करंजाचं मात्र आहे, आणि ते लोकांना आवडत नाही. रोज पाणी घालू नका. रोज संध्याकाळी बुडाशी लोटाभर पाणी ओतलं की वरची चार बोटं माती भिजते, मुळं तिथंच घुटमळतात, आणि तुम्ही लग्नाला चार दिवस गावाला गेलात की झाड मान टाकतं. माझी पहिली वीस रोपं मी अशीच मायेनं मारली. काळ्या मातीत पहिल्या उन्हाळ्यात मी पाच दिवसांनी एकदा पंधरा लिटर देतो, सूर्य मावळल्यावर. मुरमाड जमीन असेल तर तीन दिवसांनी. आळं खोडाला चिकटून नको, फांद्यांची सावली पडते तेवढं रुंद करा. शंका आली तर खुरप्यानं वीतभर उकरून माती मुठीत दाबा. गोळा झाला तर पाणी तसंच परत न्या.

काळ्या मातीचा खरा त्रास भेगांचा. भेग पडली की बारीक मुळं तुटतात आणि उरलीसुरली ओल वाफ होऊन जाते. वरची माती हलवून भेगा बुजवा, मग आच्छादन. सोयाबीनचं कुटार मी टाकून बघितलं, तर शेजाऱ्याची गाय रोज जेवायला यायची आणि जाताना रोप तुडवायची. कपाशीच्या वाळल्या पऱ्हाट्या शेतात ठेवल्या तर गुलाबी बोंडअळीला घर मिळतं. शेवटी सापडलं ते करंजाचंच पान. मोठी झाडं उन्हाळ्याच्या तोंडावर पानं झाडतात, ती पेटवून न देता पोत्यात भरा आणि आळ्यात पसरा. ढोरं-बकऱ्या त्या पानाला सहसा तोंड लावत नाहीत. खोडापासून हातभर लांब ठेवा, नाहीतर उधई (वाळवी) चढते.

याच पानगळीला घाबरून लोक फोन करतात, "काकाजी, झाड मेलं." मेलं नाही हो. नखानं साल खरवडा, आत हिरवं दिसेल. थोड्याच दिवसांत कोवळी चकचकीत पालवी येते. पानांवर बोटासारखे फोड येतात ते मात्र बारीक कोळी-किडींचं काम, त्यावर फवारणीचा खर्च करू नका.

तिसऱ्या पावसाळ्यानंतर पाणी बंद. सोटमूळ तोवर खाली गेलेलं असतं.

झाड घरापासून लांब असेल, बैलबंडीनं पाणी न्यावं लागत असेल, तर रोपाशेजारी मडकं गळ्यापर्यंत पुरा, भरा, तोंडावर फरशीचा तुकडा ठेवा. पाझरत राहतं. मडकं रंगवलेलं नको. कुंभाराकडे भाजताना बिघडलेली असतात ती मागा, स्वस्त पडतात. पण फेब्रुवारीतच जा. मे महिन्यात तो माठ विकण्यात इतका गुंतलेला असतो की फुटक्या मडक्याचं नाव काढलं तरी खेकसतो.