कावळा शिवेना तेव्हा

दहाव्याला घाटावर सगळ्यात जास्त भाव खातो तो कावळा. मंत्र संपतात, पिंड ठेवला जातो आणि जमलेली सगळी मंडळी माना वर करून पिंपळाकडे बघत राहतात.

गरुडपुराणाचा हिशेब असा, की रोज एकेक पिंड दिला की गेलेल्याचा नवा देह घडत जातो. आधी डोकं, मग मान-खांदे, असं करत नवव्यापर्यंत पाय आणि दहाव्याला त्या देहाला भूक-तहान लागते. हल्ली बहुतेक ठिकाणी दहाही दिवसांचं दहाव्यालाच उरकतात, त्यामुळे डोक्यापासून भुकेपर्यंतचा हा प्रवास एका बैठकीत होतो! भूक लागली म्हणजे आवडीनिवडी आल्याच. म्हणून पिंडाशेजारी भजी, जिलबी, कपभर चहा, क्वचित विडीचं बंडलही.

पिंडाचा भात जरा गिचकाच हवा, मोकळा झाला तर वळताना फुटतो. त्यात काळे तीळ घालायचे. पिंड पानावरच ठेवावा. चकचकीत ताट दिसलं की कावळा बिचकतो. नवीन वस्तूचा त्याला भारी संशय. त्यात आपण चार हातांवर घोळका करून, मोबाइल रोखून उभे! टक लावून बघणाऱ्या माणसाजवळ तो सहसा फिरकत नाही. वीसेक पावलं मागं सरून पाठ फिरवली, तर निम्मं काम होतं. उरलेलं निम्मं वेळेवर असतं. सकाळी कावळा भुकेला असतो. पितृपक्षात नाशिकच्या रामकुंडावर उन्हं चढेपर्यंत त्याची इतकी पंगत झालेली असते, की अकरा वाजताच्या पिंडाकडे तो ढुंकूनही बघत नाही.

पण हे घाटावर कुणी बोलत नाही. तिथं एकच कारण चालतं: इच्छा राहिली. मग थोरला पुढं होऊन हात जोडतो, ‘धाकटीच्या लग्नाचं मी बघतो.’ कावळा ढिम्म. ‘आईला अंतर देणार नाही.’ तरी नाही. मग कुणीतरी हळूच जमिनीच्या वाटणीचा विषय काढतं आणि भाऊबंद एकमेकांकडे बघू लागतात. नेमका तेव्हा कावळा बसला, तर तो शब्द चारचौघांच्या साक्षीनं दिलेला असतो; मागं घेणं अवघड.

आणि नाहीच शिवला, तर गुरुजी दर्भाचा कावळा करून पिंडाला लावतात. शास्त्राला तो चालतो. गुरुजींनाही चालतो, त्यांना बाराच्या आत दुसऱ्या घाटावर पोचायचं असतं.