मामाचं नाव नसलेली लग्नपत्रिका

सावंतवाडीहून निघालो तेव्हा पाऊस नुकता थांबला होता. बांदा मागे पडलं आणि थोड्याच वेळात पत्रादेवी आलं. १५ ऑगस्ट १९५५ला इथेच पोर्तुगीज पोलिसांनी गोवामुक्तीसाठी आलेल्या नि:शस्त्र सत्याग्रहींवर गोळ्या झाडल्या. त्या एका दिवसात गोव्याच्या सीमांवर वीसहून अधिक माणसं गेली. पंजाबातून आलेला कर्नैलसिंग इथेच पडला. स्मारकापाशी चप्पल काढून थोडा वेळ उभा राहिलो.

मित्राचं घर पेडणे तालुक्यातच. त्याची आजी चौऱ्याऐंशीची, तिचे दीर बापू तिच्याहून दोन वर्षांनी लहान. मी गोळीबाराचं विचारायला गेलो होतो, पण आजीला सांगायचं होतं ते तिच्या लग्नाचं.

लग्न १९५९चं. तेव्हा सेन्सॉरच्या मंजुरीशिवाय काहीच छापता येत नसे, अगदी लग्नपत्रिकासुद्धा! लिस्बनमध्ये १९३२पासून हुकूमशहा सालाझारची सत्ता. पोर्तुगालातल्या माणसालाच तोंड उघडायची मुभा नव्हती, ती गोव्याला कुठून मिळणार? मांडवीवर पूल नव्हता. आजीचे वडील पत्रिकेचा मजकूर घेऊन बेतीहून गॅसोलीननं, म्हणजे लाँचनं, पणजीला गेले. साहेबानं एका नावावर बोट ठेवलं. "हा मुंबईला काय करतो?" आजीचे मामा गिरणीत होते, पण मुंबईतला गोंयकार म्हणजे चळवळीतलाच, असा तेव्हा संशय.

"साहेबानं नाव खोडलं?" मी विचारलं.

"नाय रे बाबा. त्यानं नुसतं विचारलं. नाव बाबांनीच काढलं."

हे ऐकून मला काही बोलायला सुचेना. आजवर वाचलं होतं ते आग्वादच्या कोठड्यांबद्दल, मारहाणीबद्दल. एका बापानं स्वतःच्या हातानं मेव्हण्याचं नाव खोडलं, त्याची नोंद कुठे असणार?

बापूंची आठवण रेडिओची. 'गोंयचे सोडवणेचो आवाज' हे गुप्त केंद्र नोव्हेंबर १९५५पासून सीमेपलीकडच्या रानातून चालायचं. वामन सरदेसाई आणि लिबिया लोबो ते चालवत. घरातली मोठी माणसं रेडिओला कान लावून बसायची आणि बारा वर्षांच्या बापूंना सोप्यावर राखणीला बसवायची. कुणी येताना दिसलं की खोकायचं. सांगता सांगता बापूंचा आवाज चढला, तशी आजी चटकन म्हणाली, "हळू उलय." घरात आमच्याशिवाय कुणी नव्हतं.

मग तिनं पेटीतून पत्रिका काढली. घडीवर विरलेली, कोपऱ्यांवरची हळद करडी झालेली. खाली छापील नावांची रांग आणि तिच्याशेजारी निळ्या शाईत, तिरक्या अक्षरात आणखी एक नाव.

१९ डिसेंबर १९६१ला गोवा सुटला. नंतर मामा आले तेव्हा आजीनं पत्रिका त्यांच्यापुढे ठेवली, शेजारी दौत-टाक ठेवला आणि म्हणाली, "आता तुमच्याच हातानं लिहा."