शिकागोतला आकाशपाळणा जिथे उभा होता

शिकागोला भाचीकडे आलेय म्हटल्यावर प्रत्येकाने एकच विचारलं, विवेकानंद बोलले ती जागा बघितलीस का? बघितली, मिशिगन ॲव्हेन्यूवरचं आर्ट इन्स्टिट्यूट. पण ती धर्मपरिषद ज्या अवाढव्य प्रदर्शनाच्या निमित्ताने भरली ते १८९३ चं जागतिक प्रदर्शन होतं जॅक्सन पार्कात, आणि मला तिथेच जायचं होतं.

मेट्रा ट्रेनने हाइड पार्कला उतरलो. तळ्याकाठी सायन्स म्युझियमची भलीमोठी इमारत आहे, हाच प्रदर्शनातला कलादालनाचा महाल. बाकीचे पांढरेशुभ्र महाल प्लास्टर आणि तागाच्या धाग्यांचे, सहा महिने टिकले म्हणजे झालं असेच बांधलेले, त्यातले बरेचसे १८९४ च्या आगीत गेले. ह्यात मात्र मोलाची चित्रं ठेवायची होती म्हणून आतून विटांचं पक्कं बांधकाम केलं, तेवढ्यामुळे ही वाचली. भिंतीला हात लावला तर गार दगड लागला, पण तो नंतर चढवलेला, मूळचं प्लास्टर केव्हाच काढून टाकलंय.

अडीच कोटींहून जास्त वेळा लोक ह्या फाटकांतून आत आले, विजेच्या दिव्यांनी उजळलेलं अख्खं शहर कित्येकांनी इथेच पहिल्यांदा पाहिलं. आणि ह्याच झगमगाटात काळ्या अमेरिकनांना जवळजवळ जागाच नव्हती, म्हणून काळ्या पत्रकार आयडा बी. वेल्स हैतीच्या दालनात ह्या अन्यायावरची पुस्तिका वाटत होत्या. मला ह्या बाईंचं धाडस त्या सगळ्या महालांपेक्षा मोठं वाटतं.

मग चालत मिडवेवर, म्हणजे प्रदर्शनातल्या करमणुकीच्या पट्ट्यावर गेलो. आता नुसतं लांबलचक गवत. इथे जॉर्ज फेरिसचा पोलादी पाळणा होता, २६४ फूट उंच, ३६ डबे, एकेका डब्यात ६० माणसं, दोन फेऱ्यांचे ५० सेंट. लाकडी पाळणे जगात आधीपासून होतेच, पण एवढा मोठा तोवर कुणी बांधला नव्हता. मला आठवला पालच्या खंडोबाच्या जत्रेतला हाताने फिरवायचा पाळणा, तो माणूस दांड्यावर चढून अंगाचा भार टाकायचा आणि आमची पेटी करकरत वर जायची, आई खालून ओरडायची घट्ट धर गं! भाचीच्या लेकाला गवतात उभं करून म्हटलं मान वर कर, अजून वर, पंचवीसेक मजल्यांएवढं. तो बघतच राहिला, मग विचारतो, मावशीआजी, वर गेल्यावर तळं दिसायचं का गं?

दिसायचं रे, दूरवर पसरलेलं लेक मिशिगन.