पंचगंगेवर कॅमेरा लावून बसलेला मित्र

आमचा एक मित्र हाय, फिल्म करतो, पण स्टोरी नाही हिरो नाही काहीच नाही, नुसता घाट आणि पाणी. मागच्या रविवारी पहाटे साडेपाचला मला कोल्हापूरजवळच्या प्रयाग चिखलीला नेलं आणि हातात माईक देऊन म्हणला, गप उभा रहा, बोलू नको. वीस मिनिटं एकच शॉट! म्हशी पाण्यात उतरल्या, एक आजी कपडे आपटत होत्या, बास. मला आधी वैताग आला, खरं सांगतो.

पण मग त्यानं एका घराची भिंत दाखवली, २०१९ च्या पुराची खूण, माझ्या डोक्याच्याही वर. घरमालक काकांनी त्यावर चुना मारलाय, पण तेवढा पट्टा सोडून. का सोडला विचारलं तर म्हणले, "असू दे की." मित्रानं त्या पट्ट्यावर कॅमेरा हळूहळू फिरवला आणि मागं फक्त पाण्याचा आवाज ठेवला, काकांना फ्रेममध्ये घेतलंच नाही. मी असतो तर त्यांचा इंटरव्ह्यू घेतला असता, आणि सगळी वाट लावली असती.

आपल्या कोल्हापूरचे बाबूराव पेंटर आधी नाटकाचे पडदे रंगवायचे, मग १९२० ला 'सैरंध्री' हा मूकपट काढला. आपल्या गावात चित्रकाराच्या नजरेनं सिनेमा करणं जुनंच हाय म्हणा.

एडिट अजून चालूय, काल रात्री फोन करून म्हणला, म्हशींचा शॉट अजून पाच मिनिटं वाढवतोय.