उरलेला किल्ला कुठे आहे?

"बाकीचा किल्ला खाली शहरात आहे. काल रात्री तुम्ही बहुधा त्यातच झोपला होतात!"

पेरूतल्या कुस्को शहराच्या वर असलेल्या साक्सायवामान या इंका राज्यकर्त्यांच्या किल्ल्याच्या तटापाशी गाइड हसत म्हणाला आणि लगेच घड्याळाकडे बोट दाखवलं. स्वस्तातली टूर. लोकरीच्या दुकानात निवांत वेळ, इथे मात्र पळापळ.

पण ते वाक्य काही डोक्यातून जाईना.

नागमोडी तट, त्यात काही दगड तर शंभर टनांहून जड. सांध्यांत चुना नाही, तरी सुरीचं पातं शिरत नाही. वरच्या बुरुजांचे मात्र नुसते पाये. ते काळाच्या ओघात ढासळलेले नाहीत. १५३६ मध्ये इंकांनी स्पॅनिशांच्या ताब्यातल्या कुस्कोला वेढा घातला; त्यानंतर स्पॅनिशांनी हलवता येतील तेवढे दगड खाली नेले आणि त्यांतून कुस्कोचं कॅथेड्रल, घरं बांधली. जे हललेच नाहीत, त्यांचं आपण आज तिकीट काढतो.

गंमत म्हणजे १९५० च्या भूकंपात कुस्कोतल्या सांतो दोमिंगो चर्चची पडझड झाली, पण त्याखालच्या कोरिकांचा या इंकांच्या सूर्यमंदिराच्या भिंती जागच्या जागी राहिल्या.

आपल्याकडे पडक्या गढ्यांचे दगड असेच कुठे कुठे बसलेत? तुमच्या गावात एखादं घर, एखादा गोठा आहे का तसा?